बरगड्यांवरचा पापुद्रा

प्रिय बारक्या,

पत्र बघून दचकू नकोस, घरी सगळे ठीक आहेत. सकाळपासून तीनदा फोन हातात घेतला, तुझा नंबर काढला आणि परत खिशात टाकला. सहा वर्षं तुझ्याशी एक शब्द बोललो नाही, आता ‘हॅलो’च्या पुढे काय बोलायचं तेच सुचेना. पत्रात निदान मध्येच कोणी फोन आपटणार नाही, ना तू ना मी. ओव्हनमध्ये डुकराच्या बरगड्या ठेवल्यात. तीन तास तशाच राहू द्यायच्या, त्यातला जेमतेम पाऊण तास गेलाय. चारदा दार उघडून बघितलं म्हणून तुझ्या आईने जाड हातमोजे लपवून ठेवले आणि म्हणाली, त्यापेक्षा लिहायला बसा. बसलोय, पण बूड टेकत नाही.

होय, त्याच बरगड्या. महिन्याच्या पहिल्या रविवारी गच्चीवर, जुनं पिंप उभं कापून मी बनवलेल्या शेगडीवर भाजायचो त्या. तू गेल्यापासून ती शेगडी पेटली नाही, आता तिच्यात तुझ्या आईने पुदिना लावलाय. काल मात्र काय अंगात आलं कोण जाणे, पिशवी घेतली आणि खाटकाकडे गेलो. म्हातारा आता दुकानात बसत नाही, त्याची सून बसते. तिने बरगड्या तोलल्या, पालथ्या केल्या आणि सहज विचारलं, “काका, पापुद्रा काढून देऊ की घरी काढता?” मी म्हटलं, कसला पापुद्रा? अरे, रांगेतली सगळी माणसं माझ्याकडे वळून बघायला लागली! त्या पोरीने हाडाच्या बाजूला चमच्याचा दांडा सारला, सुटलेलं टोक फडक्यात धरलं आणि ओढलं. टर्रकन अख्खा पांढरा पापुद्रा तिच्या हातात, पातळ पण भलता चिवट. म्हणाली, हा राहिला की किती का शिजवा, चप्पल चावल्यासारखं लागतं. मीठ, मिरपूड, लसूण, थोडी साखर चोळायची, फॉइलमध्ये गच्च गुंडाळून मंद आचेवर तीन तास ठेवायचं. मग फॉइल काढून सॉस लावायचा आणि पंधरा मिनिटं मोठी आच. बस्स. आणि मी तीस वर्षं ढणाढणा जाळावर अर्ध्या तासात उरकत होतो! जन्म लेथवर गेला माझा. हाताखालच्या कोणाची केसभर चूक कधी खपवून घेतली नाही.

घरी येऊन तुझ्या आईला विचारलं, तुला माहीत होतं? ती मटार सोलत होती. मान वर न करता म्हणाली, “लग्नानंतर दुसऱ्याच वर्षी सांगितलं होतं. तुम्ही म्हणालात, लोखंड कापणाऱ्याला मांस कापायला शिकवू नकोस.” मला काही आठवत नाही. पण म्हणालो असणार, वाक्य माझंच वाटतंय. म्हणजे तीस वर्षं तुम्ही सगळे मुकाट चावत बसलात. तुझी ताई ‘बाबा, मस्त!’ म्हणायची आणि तुकडा रुमालात गुंडाळायची. शेजाऱ्यांचा कुत्रा नेमका पहिल्या रविवारीच आपल्या जिन्यात येऊन का बसायचा, ते मला काल कळलं.

थांब, वास आला. बघून येतो.

आलो. नुसतं काचेतून बघितलं. फॉइल आहे, दिसणार काय कपाळ! अजून दीड तास आहे. खिडकीपाशी गेलो, परत आलो, घड्याळाला चावी द्यायला गेलो. ते बॅटरीवर चालतं हे नंतर लक्षात आलं. तेव्हा आता त्या दिवसाचं लिहूनच टाकतो, उगाच टाळण्यात अर्थ नाही.

तू ठरवलेली मुलगी आणि तिचे आईवडील पहिल्यांदाच आपल्याकडे जेवायला आले होते. तिच्या वडिलांना कवळी. बिचाऱ्यांनी एक घास एवढा वेळ चघळला की डोळ्यांत पाणी आलं, आणि मला वाटलं, माणूस चवीवर खूश झालाय. तू हळूच म्हणालास, “बाबा, जरा चामड्यासारखं झालंय. त्यांना दुसरं काही देऊ या.” हळूच म्हणालास, हे मी आज कबूल करतो. तेव्हा मला ते चारचौघांत थोबाडीत मारल्यासारखं वाटलं. चिमटा ताटावर आपटून मी ओरडलो, ज्याला चावत नसेल त्याने उठावं. तू माझ्याकडे बघितलंस आणि उठलास. मागोमाग ती तिघंही उठली. संध्याकाळपर्यंत येशील, असं वाटलं होतं. मग तुझं लग्न झालं. त्या दिवशी मी कारखान्यात जाऊन कोणी न मागितलेले नट करत बसलो. तुझी पोर अडीच वर्षांची झाली, तिला मी फक्त फोटोत बघितलंय, तेही तुझी आई झोपल्यावर तिच्या फोनमध्ये. भेटेल त्याला सांगत सुटलो की पोराने परक्यांसमोर बापाचं नाक कापलं.

काल मटार सोलून झाले तरी तुझी आई उठेना. मग एकदम म्हणाली, त्या दिवशी मीच त्याला बोलायला लावलं. सकाळी स्वयंपाकघरात तिने तुला गळ घातली होती, पाहुण्यांची पंचाईत होईल, माझं ते ऐकत नाहीत, तुझं ऐकतील. तू नको नको म्हणत होतास. आणि नंतर ती मला खरं सांगायला निघाली, तर तूच तिला अडवलंस. “मी बाहेर राहीन गं, तुला त्यांच्यासोबत राहायचंय.” बारक्या, हे तू म्हणालास आणि सहा वर्षं एका अक्षराने बोलला नाहीस. काल मी रडलो. तुझ्या आईसमोर, मटारांच्या सालींत, लहान पोरासारखा. चुकलो रे. आपल्या घरात तुझ्या आईला माझी भीती वाटते, हे मला आधीच कळायला हवं होतं. तिची माफी काल मागितली, तुझी आज मागतो. मधेच उठून फॉइल काढलं, सॉस लावला, पंधरा मिनिटं मोठी आच दिली, आणि आता बरगड्या झाल्या. नुसतं बोट लावलं तर हाड सुटून हातात आलं. तुला इथे बोलवायचं तोंड मला नाही, म्हणून विचारतो, येत्या महिन्याच्या पहिल्या रविवारी मी डबा घेऊन तुझ्याकडे येऊ का? दारातच डबा घेऊन परत पाठवलंस तरी मला चालेल. पोरीलाही एखादा घास भरव. आणि तुझ्या सासऱ्यांना बोलावून घे. त्यांना सांग, या वेळी कवळी घरी ठेवून आलात तरी चालेल.

तुझाच,
हेकट बाप