अठरा मिनिटांचा करंडक

मी, खाली सही करणारी, वय वर्षे अठ्ठ्याहत्तर, टेलिफोन खात्यातून निवृत्त, बुद्धिबळात तीन वेळा महिला विजेती (त्यातल्या एका वेळेबद्दल कलम चार पाहावे), हे मृत्युपत्र राजीखुशीने व पूर्ण शुद्धीत लिहीत आहे. माझ्यावर कोणाचाही दबाव नाही. गोळ्या वेळेवर घे म्हणून मुलगी दटावते, पण वकीलबाईंच्या मते तो कायद्याने दबाव होत नाही.

१. राहते घर व बँकेतील शिल्लक मुलीला. स्वयंपाकघराच्या भिंतीवर मी पेन्सिलीने लिहिलेले डाव तिने खुशाल रंगवून टाकावेत. भाजी करपत असताना सुचलेल्या चाली तशाही फारशा कामाच्या नव्हत्या.

२. यजमानांचा लोकरी कोट जावयांना. घोडा अडीच घरं का चालतो हे यजमानांना शेवटपर्यंत पटलं नाही. तरी प्रत्येक स्पर्धेला ते डबा घेऊन बाहेरच्या बाकावर बसून राहिले. जावईही वाट बघण्यात तरबेज आहेत.

३. बैठकीच्या खोलीतला जाड पडदा क्लबच्या माजी सेक्रेटरींना. बायकांनी दाराजवळच्या टेबलावरच खेळावं, हा नियम त्यांचा. मी त्यांना एकोणीस चालींत मात दिली, तेव्हा डोळ्यांवर ऊन येत होतं असं ते आजतागायत सांगतात. पडदा धुऊन द्यावा.

४. तिसऱ्या विजेतेपदाचा करंडक चष्मेवालीला. त्या शेवटच्या डावात माझ्यासमोर तीच होती आणि मी जवळजवळ हरलेच होते. तिने चाल केली, पण घड्याळाचं बटण दाबायला विसरली. बटण दाबलं नाही तर वेळ आपलाच जात राहतो. तिची उरलेली अठरा मिनिटं माझ्या डोळ्यांदेखत गेली. सांगायचं बंधन नियमात नव्हतं. मी विचारात गढल्याचं सोंग करून पटाकडे बघत राहिले. तिचा वेळ संपला आणि करंडक माझ्या घरी आला. पुढे आमची घट्ट मैत्री झाली, एकमेकींची आजारपणं काढली, पण हे काही माझ्या तोंडून निघालं नाही.

गेल्या रविवारी धीर करून सांगितलं. ती चष्मा पुसत म्हणाली, "मला त्याच दिवशी कळलं होतं. एरवी तू सारखी घड्याळाकडे बघायचीस. त्या दिवशी एकदाही बघितलं नाहीस."

"मग बोलली का नाहीस?"

"तू कधी बोलतेस, ते बघत होते."

तिने मला पट मांडायला लावला. कोणता मोहरा कुठे होता, ते दोघींना पाठ होतं. तिथून पुढे खेळलो. अकराव्या चालीला मी हार मानून राजा आडवा केला. जिंकूनही मला कधी इतकं हलकं वाटलं नव्हतं.

करंडकावर तिचं नाव कोरावं. माझं खोडू नये, असा तिचा हट्ट आहे.

जिला काही मिळणार तिला साक्षीदार होता येत नाही, असं वकीलबाईंनी सांगितल्यापासून ती रुसून शेजारच्या खुर्चीत बसली होती आणि माझं शुद्धलेखन तपासत होती. आत्ता उठून तिने करंडक पिशवीत घातला. "तू शंभरी गाठणार. तोवर मी कुठे थांबू?" म्हणाली. सबब कलम चार आजच अमलात आले, असे समजावे.

ठिकाण: माझ्या घराची मागची खोली
दिनांक: ९ मार्च, सकाळी साडेदहा
लिहून देणार: (सही)
साक्षीदार: १. वरच्या मजल्यावरच्या दंतवैद्य (सही)
२. वाचनालयाचे ग्रंथपाल (सही)