छपरावरचा जोसलिन

विल्टशायर, जून १९२८

प्रिय आई,

मी मजेत आहे, काळजी करू नकोस. बाबांचा खोकला कसा आहे?

काल दुपारी इथल्या पार्टीत आम्ही सगळे सर्कशीतले कपडे घालून हिरवळीवर नाचत होतो. तेवढ्यात विदूषक झालेला माझा मित्र जोसलिन घराच्या छपराच्या कठड्यावर जाऊन उभा राहिला. सगळे टाळ्या पिटू लागले. "मार की उडी, शॅम्पेन गरम होतेय," डॅफ्नी ओरडली. तो हसला नाही, म्हणून मी धावत वर गेले.

"तू जा, लेटी," तो म्हणाला. "माझा दादा महायुद्धात मारला गेला आणि मी रोज पार्ट्या करतोय. मला आता नाही जमत."

 मी त्याच्या पायाशी कठड्यावर बसले. खाली पाहिलं आणि म्हणाले, "जोस, मला खरंच गरगरतंय. मला खाली ने."

बराच वेळ तो हललाच नाही. मग त्यानं माझा हात धरला आणि जिन्यानं खाली आणलं. सगळ्यांना ती गंमतच वाटली. पुन्हा नाच सुरू झाला.

शुक्रवारी मी त्याला आपल्याकडे आणतेय. बाबांना एवढंच सांग, मित्र येतोय. आणि आई, त्याला पाहुण्यांची वरची खोली नको. खालची, बागेकडची दे.

तुझीच,
लेटी