दारफाळणीची किल्ली

अहमदाबाद, सोमवार

चि. जेरुशा हिस दादाचा शालोम.

मी ठणठणीत आहे. गुडघ्यांमुळे सिनेगॉगचा जिना चढवत नाही, एवढंच. तुझा खोकला गेला का? लपवू नकोस.

उद्या संध्याकाळी दारफाळणी लागते. परवा चांदण्या दिसेपर्यंत उपास आणि प्रार्थना, आणि दार कोणालाही उघडायचं नाही. आईने शिकवलंय, ते मी पाळणारच.

गेल्या वर्षी शेजारच्या हंसाबेनने बेल वाजवली, मी गप्प. म्हातारा गेला असं समजून तिने सुताराकडून दार फोडवलं. आत मी पांढऱ्या कपड्यांत, हातात पुस्तक. "काका, नुसतं हूं तरी करायचं!" म्हणत रडली आणि भांडलीही.

म्हणून आज तिला किल्ली दिली. "चांदण्या दिसल्यावर मी बाहेर आलो नाही, तरच ये," म्हटलं.

"शहरात कुठल्या चांदण्या, काका? मी सातला येणार."

शेवटी साडेसात ठरले.

तेव्हा तू घोर लावून घेऊ नकोस. दार मी बंदच ठेवीन. आतून कडी मात्र या वर्षी घालणार नाही.

मुलांना आशीर्वाद.

तुझा,
हायेमदादा