शनिवारचं ऑफिस आणि मामांची सही

ब्रेडा, नोव्हेंबर २०१६

ती. शिरीषमामांना अनिमेषचा साष्टांग नमस्कार.

मामींचा गुडघा आणि तुमची पतसंस्था, दोन्ही व्यवस्थित चालत असतील असं धरतो. मृणालिनीच्या लग्नाला रजा मिळत नाही म्हटल्यावर तुम्ही फोन मामींच्या हातात दिलात, ते मला लागलं. लेकीच्या लग्नात एकुलता एक भाचा नाही म्हणजे काय, हे मलाही कळतं. म्हणून सविस्तर लिहितो.

आमचा साहेब रुबेन डच आहे आणि कधी हुकूम सोडत नाही. कशालाही 'तू ठरव' म्हणतो आणि सायकलवर टांग मारून घरी जातो. मग मी ठरवतो आणि ते नेमकं त्याच्या मनातलंच निघतं. (तुम्ही निदान शिपायावर ओरडता तरी.) आमचं ऑफिस एका शनिवारी सिनेमावाल्यांना भाड्याने दिलं, तेव्हा चावी घेऊन हजर राहायचंही असंच मी ठरवलं. सिनेमा साहेब आणि सेक्रेटरीचा आहे एवढंच ठाऊक होतं. आग लागल्यावर काय करावं वगैरे प्रशिक्षण असेल म्हणून मी सगळ्यांसाठी चिवडाही नेला. थोड्याच वेळात उलगडा झाला की हा फक्त प्रौढांसाठी असतो तसला सिनेमा आहे. मी पॅन्ट्रीत जाऊन बसलो. (भिंतीकडे तोंड करून. हे मामींना आवर्जून सांगा.)

पण ऐकू येत होतं. साहेब झालेला थाइस टेबलावर हात आपटून फाइल कुठे म्हणून गरजायचा आणि लगेच साध्या आवाजात सेक्रेटरी झालेल्या अनेलीसला विचारायचा, खांद्यावर हात ठेवला तर चालेल ना. कॅमेऱ्यापुढे चळाचळा कापणारी अनेलीस म्हणायची, नको, आज मान दुखतेय. की सगळं थांबायचं, दिवेवाला चिवडा खायचा. आमच्याकडे सोमवार ते शुक्रवार सगळे समान असतात, फक्त 'नको' कोणी म्हणत नाही. मधल्या सुट्टीत दिग्दर्शिका मार्लीसने मला विचारलं, तू साहेबापुढे कसा उभा राहतोस? मी उभा राहून दाखवलं. ती म्हणाली, इतकं नको, प्रेक्षकांना खोटं वाटेल. मामा, मला फार वाईट वाटलं.

सोमवारी रुबेनकडे पुन्हा रजेचं काढलं. डिसेंबरात आपल्या सॉफ्टवेअरचं रिलीज आहे, तू ठरव, म्हणाला. मी अनेलीसच्या सुरात म्हणालो, नको, मला जमणार नाही. तो 'बरं' म्हणाला आणि सँडविच खात राहिला. रजा मंजूर, तिकीट काढलं. मृणालिनीला सांगा.

आपला,
अनिमेष

ता. क. तुम्ही दरवर्षी पाठवता ती पतसंस्थेची दिनदर्शिका माझ्या टेबलामागे लावलेली असते. अध्यक्ष म्हणून तुमचा हसरा फोटो आहे तीच. ती त्या दिवशी काढायची राहिली. सिनेमाभर तुम्ही थाइसच्या डोक्यावरून बघताय. मार्लीस म्हणते, प्रसंगाला वजन आलं.

ता. ता. क. चित्रात दिसणाऱ्या प्रत्येकाची लेखी संमती घेतल्याशिवाय मार्लीस सिनेमा बाहेर काढत नाही. सोबत कागद आहे, सही करून पाठवा. नाहीतर सगळं पुन्हा चित्रित करावं लागेल आणि ऑफिस मोकळं आहे ते थेट लग्नाच्या शनिवारी. रुबेनला विचारलं. तो म्हणाला, चावी तुझ्याकडे असते, तू ठरव.

आणि हो, सही करताना तुमच्यावर कोणाचा दबाव नाही ना, हेही मार्लीसने विचारायला सांगितलंय. मामी शेजारी बसल्या असतील तर उत्तर उद्या लिहा.