सातव्या मिनिटाचं गाऱ्हाणं

कणकवली, ८ जानेवारी २०२५

तीर्थरूप दाजींस, नात रसिकाचा सा. न. वि. वि.

तुम्ही देवाला घातलेलं गाऱ्हाणं नेमकं कुठून कापायचं? पदवी घेतली, कॅमेरा शिकले, पण याचं उत्तर मला येत नाही. फोनवर तुम्ही नुसतं बरं बरं म्हणता, म्हणून लिहिते.

आपल्या डोंगरातल्या लेण्यावरचा माझा माहितीपट स्पर्धेला दहाच मिनिटांचा चालतो. तुम्ही स्तूपासमोर नारळ ठेवून सुरू झालात ते नऊ मिनिटं! गुरं, मुंबईकर, माझ्या कॅमेऱ्याची बॅटरीसुद्धा देवाच्या पदरात घातलीत आणि दर मागणीला वाडीने ‘व्हय म्हाराजा’ म्हटलं. माझ्या निवेदनाला एक मिनिट उरलं. आम्हाला कॅमेरा शिकवणाऱ्या जॉयसी मॅडम म्हणतात, स्तूप बौद्धांचा, ते निवेदनात यायला हवं. गाऱ्हाणं अर्ध्या मिनिटावर आण, निवेदन वाढव, नाहीतर पहिल्या चाळणीतच बाहेर. निवड झाली तर मुंबईत दाखवतील. मला ते फार हवंय. परवानगी द्यावी.

रागावलात तरी माया तेवढीच ठेवा.

रसिका


वाडी, १४ जानेवारी

चि. रसिकास दाजीचे आशीर्वाद.

गाऱ्हाणा मधेच तोडूचा नसता गो. अर्ध्यार सोडलेला देवाक पोचणा नाय. एकदा मला ठसका लागला तर पुन्हा पहिल्यापासून म्हणावं लागलं होतं. कापायचंच तर बाबलीचं नाव काप, तो माझ्या फणसावर हक्क सांगतो. तुझी आई म्हणाली, भरभर म्हणा. काल म्हटलं. आठ मिनिटं झाली आणि कवळी सुटली.

दगड बुद्धाचा असं तू कॅमेरा लावण्याआधी सांगितलंस, म्हणून सातव्या मिनिटाला मी घातलंय की बा बुद्धा म्हाराजा, आमका ठावक नव्हता, इतकी वर्सां दुसऱ्या नावान हाक मारली, ती मानून घे. तेवढं ठेव. बाकी तू शिकलेली.

आमची आठवण असू दे.

दाजी


कणकवली, २० जानेवारी

तीर्थरूप दाजींस सा. न.

खरं सांगते, पाचव्या मिनिटापुढचं मी ऐकलंच नव्हतं. कापायची जागा शोधत होते. काल सातवं मिनिट लावलं. ज्यासाठी मी पुस्तकांतून जड शब्द गोळा केले, ते तुम्ही हात जोडून, माफी मागून सांगितलंत. मॅडमनाही ऐकवलं. त्यांनी डोळे पुसले आणि बजावलं की परीक्षकांना निवेदन लागतंच. पुढची जबाबदारी तुझी, म्हणाल्या.

आईला नमस्कार. माझ्यावरचा लोभ निकालावर ठेवू नका.

रसिका

ता. क. निवेदन सगळं काढून टाकलं. गाऱ्हाणं अख्खं आहे, बाबलीकाकांसकट. आज दुपारी स्पर्धेला पाठवून दिलं.