पटावर टाकलेले उपरणे

प्रिय गेनबा,

मेहबूबचा सलाम. काल दुपारी तुझी सून विजयमाला माझ्या दुकानात आली. तुझे पांढरे उपरणे तिने घडी न मोडता माझ्यासमोर ठेवले आणि म्हणाली, "मामांनी सांगितलंय, मेहबूबकाकांना हे नुसतं दाखव. बाकी त्यांना कळेल." तिला त्याचा अर्थ ठाऊक नव्हता. मला कळला. जाताना ती दारात थांबली आणि डोळे पुसत दुसरी गोष्ट सांगून गेली. उद्या सकाळी आठ वाजता तुझ्या हृदयाची शस्त्रक्रिया ठरलेली आहे, आणि नातू श्याम ग्रँडमास्टर झाल्याचे कळल्यावाचून तू संमतीच्या कागदावर सही करणार नाहीस. आणखी उशीर झाल्यास खात्री देता येणार नाही, असे डॉक्टरांनी बजावले आहे म्हणे. उपरणे मी तिच्याच हाती परत पाठवले. रुग्णालयात गारवा फार असतो, खांद्यावर घे.

तुझ्या निरोपाचा राग मी धरलेला नाही. मंडईत माल उतरवून तू शनिवार पेठेत माझ्या कुलपांच्या दुकानी येत असस, आणि ओट्यावर बुद्धिबळाचा पट मांडला की निम्मी गल्ली चाली सुचवायला गोळा होई. डाव चिघळला, आवाज चढले, की जमलेल्यांतील सर्वांत वडील माणूस पटावर उपरणे टाकी. मग तो डाव बरोबरीचा. कोणी हरले नाही, कोणी जिंकले नाही, चहा मागवा. तुझे वडील सोनबा यांनी असे उपरणे टाकून तुला किती वेळा वाचवले, ते येथे लिहीत नाही. आजारी माणसाशी वाद घालू नये.

परंतु उद्याचा पट आपल्या ओट्यावरचा नाही, हे तू विसरलास. स्पर्धेची शेवटची फेरी दहा वाजता सुरू होते. एका बाजूस तुझा नातू श्याम, दुसऱ्या बाजूस माझी नात नसीमबानू. ग्रँडमास्टर होण्यासाठी मोठ्या स्पर्धांत तीन वेळा ठरलेली कामगिरी करून दाखवावी लागते. श्यामची दोनदा झाली आहे, आणि या वेळी त्याला केवळ अर्धा गुण हवा आहे. बरोबरी झाली की तो ग्रँडमास्टर. नसीमला मात्र पूर्ण गुण हवा. जिंकली तर परदेशातील स्पर्धेसाठी तिची निवड होईल. बरोबरीत तिचे नाव यादीत खालीच राहील. ती लहान आहे, तिला पुढे पुष्कळ संधी मिळतील, असा हिशेब तू केला असणार. तसा तो मीही काल तिन्हीसांजेपर्यंत करत बसलो होतो. स्पर्धा चालू असता घरात खेळाचा विषय काढायचा नाही, हा नियम माझाच आहे. तरी ती जेवायला बसली तेव्हा दोन वेळा तोंड उघडले, आणि दोन्ही वेळा भाजीत मीठ कमी आहे एवढेच बोललो. भाजी चांगली झाली होती. सूनबाई अजून माझ्याशी बोलत नाही.

गेनबा, तिथे ठरवून केलेल्या बरोबरीस लबाडी म्हणतात. पंचांना कळले तर दोन्ही मुलांची नावे जातील. न कळले तरी श्यामला स्वतःला कळलेले असेल, आणि ग्रँडमास्टर ही पदवी जन्मभर नावाआधी लागते.

आज सकाळी दुकान उघडतो न उघडतो तोच श्याम आला. आईकडून त्याला उपरण्याची गोष्ट कळली होती आणि अर्थ त्याने स्वतः लावला होता. खेळाडू आहे तो. पायरीवर उभे राहूनच म्हणाला, "मेहबूबआजोबा, नसीमला सांगितलं असेल तर मी उद्या खेळायला जाणारच नाही." मी म्हटले, तिला काही ठाऊक नाही. तेव्हा तो आत येऊन बसला. मी चहा मागवला. कप खाली ठेवून म्हणाला, "आबा थांबून राहिलेत. मी हरलो तर ते सहीच करणार नाहीत. मग मी चाल करायची कशी?" त्याच्या पाठीवर हात ठेवून मी त्याला घरी पाठवले आणि हा कागद पुढे ओढला. 

हे पत्र विजयमालेच्या हाती देत आहे, ते तुला नकार कळवण्यासाठी नव्हे. नकार तुला उपरण्यानेच कळला आहे. लिहिण्याचे कारण एवढेच, की तू आजच सही कर आणि उद्या आठ वाजता निकाल न कळता आत जा. तू सही केलीस की विजयमाला श्यामला तसे सांगेल. दहा वाजता तू भुलीच्या झोपेत असलास, तर तुझा नातू एकट्या नसीमशी खेळेल. नाहीतर पटावर त्याला तुझा जीव पणाला लागलेला दिसेल. उद्या नसीमचा सामना पाहण्यास मी जाणार नाही. तुझ्या शस्त्रक्रियेच्या खोलीबाहेर जो बाक आहे, तेथे बसेन. निकाल घेऊन कोणी आलेच तर त्यास मी तोंड उघडू देणार नाही; तू शुद्धीवर आल्यावर दोघे मिळूनच ऐकू. मात्र एक आताच सांगून ठेवतो. श्याम ग्रँडमास्टर झाला तर तू हसू नकोस, टाके ताजे असतील. नसीम जिंकली तर मी हसणार आहे, आणि तुला ते निमूट पडून पाहावे लागेल.

तुझाच,
मेहबूब