साहेब रजेवर होते त्या दिवशी

प्रिय दादा,

तुला एक ओळही लिहायची नाही, अशी माझ्या वकीलबाईंची सक्त ताकीद आहे. त्यामुळे हे पत्र बाबांच्या शिलाई मशीनच्या खणातच राहील.

बाबांचं टेलरिंगचं दुकान विकायला मी सही देत नाही, म्हणून तू दावा लावलास. सगळ्यांना वाटतं, माझा जीव दुकानात अडकलाय. डोंबल अडकलाय! त्या गळक्या छपराचं काय लोणचं घालू? पण सही केली की तारखा संपतील, आणि मग तू मला दिसणार कुठे? तारखेला निदान बाकाच्या दुसऱ्या टोकाला तरी असतोस. तुझ्या शर्टाची कॉलर पार विरलीय. बाबांनी ती उसवून, उलटी करून शिवली असती. मीही शिवेन, पण शर्ट मागू कोणत्या तोंडाने?

परवा न्यायाधीश रजेवर होते. काम होणार नाही, येऊ नका, असं वकीलबाईंनी आदल्या दिवशीच कळवलं होतं. तरी मी गेले, नुसती त्या बाकावर बसायला. अख्खा व्हरांडा रिकामा होता, आणि बाकाच्या टोकाला तू बसला होतास.

तुझ्या वकिलानेही तुला कळवलंच असेल ना रे?

तुझीच,
बॉबिन